बंदुका अनेक, काडतूस एक

सैन्यासाठी शस्त्रे खरेदी केल्याची बातमी येते तेव्हा ती बंदुकांची असते. काडतुसांची क्वचितच असते. किती रायफली घेतल्या, कोणत्या देशाकडून घेतल्या, किती कोटी रुपये मोजले, एवढे वाचकाला समजते. त्या रायफलीत बसणारे काडतूस कोणते, तेच काडतूस शेजारच्या जवानाच्या मशीनगनमध्ये चालेल काय, आणि ते देशातील कोणत्या कारखान्यात तयार होते, हे प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही. वस्तुतः पायदळाच्या आणि सरकारी तिजोरीच्याही दृष्टीने हेच प्रश्न आधीचे आहेत. बंदूक ही भांडवली वस्तू आहे. एकदा घेतली की ती पंचवीस-तीस वर्षे टिकते. काडतूस ही चालू खर्चाची वस्तू आहे. ते सरावात संपते, लढाईत संपते आणि नुसते कोठारात ठेवले तरी कालांतराने बदलावे लागते. म्हणूनच बंदुकीची निवड एका पिढीपुरती असली, तरी काडतुसाची निवड दोन-तीन पिढ्यांना बांधून टाकते.

काडतुसाची रचना साधी असते. पितळी पुंगळी, तिच्या बुडाशी ठिणगी देणारी टोपी, आत दारू आणि तोंडाशी घट्ट बसवलेली गोळी. त्याची ओळख मुख्यतः दोन आकड्यांनी पटते : एक नळीच्या पोकळीचा व्यास आणि दुसरा पुंगळीची लांबी. पहिला आकडा सारखा असला म्हणजे काडतुसे सारखी असतात असे मात्र नाही. ७.६२ मिलिमीटर हे माप सांगणारी तीन लष्करी काडतुसे आज जगात सर्रास वापरात आहेत. एकाची पुंगळी ३९ मिलिमीटर लांब, दुसऱ्याची ५१ आणि तिसऱ्याची ५४. यांपैकी एकाच्या बंदुकीत दुसरे चालत नाही. पेटीवरील पहिलाच आकडा वाचून ती आघाडीवर पाठवली, तर तेथे पोचते ते केवळ ओझे.

तुकडीचे गणित

रायफल आणि मशीनगन यांच्या गरजा मुळात भिन्न आहेत. रायफलधारी जवान नेम धरून एकेक गोळी झाडतो. त्याचे लक्ष्य बहुधा दोनतीनशे मीटरच्या आत असते. पट्ट्यावर चालणाऱ्या मध्यम मशीनगनकडून हजार मीटरपलीकडील माराची अपेक्षा असते. बेल्जियमच्या एफ. एन. कारखान्याची ‘मॅग’ ही मशीनगन मिनिटाला ६५० ते १,००० गोळ्यांच्या वेगाने मारा करते. एवढी भूक भागवायची तर काडतुसांचा साठा एकट्या तोफचीच्या पाठीवर मावणार नाही. तो साऱ्या तुकडीने वाटून घ्यावा लागतो. रायफल आणि मशीनगन यांचे काडतूस एकच असेल तर तुकडीतील प्रत्येक जवान हा मशीनगनचे फिरते कोठार ठरतो. उलट मशीनगन निकामी झाली तर तिची काडतुसे रायफलींच्या कामी येतात.

दुसऱ्या महायुद्धातील भारतीय सैन्याची व्यवस्था अशीच होती. ली-एनफिल्ड रायफल, व्हिकर्स-बर्टिये आणि ब्रेन या हलक्या मशीनगन, आणि पाणी भरून थंड ठेवायची जड व्हिकर्स मशीनगन, या चारही शस्त्रांत .३०३ हेच काडतूस चाले. ब्रेनच्या मॅगझिनमध्ये तीस काडतुसे मावत. ही मॅगझिने तुकडीतले जवान आपसांत वाटून घेत आणि ती रिकामी झाली की रायफलीसाठी दिलेल्या काडतुसांनी ती पुन्हा भरता येत. .३०३ हे त्या काळातील सर्वोत्तम काडतूस नव्हते. त्याच्या पुंगळीच्या बुडाला बाहेर आलेली कड होती आणि ती मॅगझिनमध्ये अडकू नये म्हणून काडतुसे काळजीपूर्वक रचावी लागत. तरीही ते सर्वांचे होते, हाच त्याचा मोठा गुण ठरला.

याच्या उलट उदाहरण जपानचे. जपानी पायदळाची जुनी रायफल ६.५ मिलिमीटरची होती. मारा कमी पडतो म्हणून १९३९ मध्ये ७.७ मिलिमीटरची नवी रायफल स्वीकारण्यात आली. परंतु बदल पुरा होण्याआधीच महायुद्ध अंगावर आले. ६.५ च्या रायफली वापरातच राहिल्या. शिवाय ७.७ या एका मापातही एकवाक्यता नव्हती. नव्या रायफलीचे काडतूस बिनकडेचे, जड मशीनगनचे अर्ध्या कडेचे आणि नौदलाच्या मशीनगनांचे ब्रिटिश .३०३ सारखे पूर्ण कडेचे, असे तीन प्रकार एकाच वेळी चालू होते. इटलीनेही १९३८ मध्ये ६.५ मिलिमीटरऐवजी ७.३५ मिलिमीटरची रायफल काढली आणि युद्धात उतरल्यावर पुन्हा ६.५ कडे माघार घेतली. जड मशीनगनसाठी तिचे ८ मिलिमीटरचे काडतूस वेगळेच होते. या दोन राष्ट्रांचा पराभव काडतुसांमुळे झाला असे कोणी म्हणणार नाही. मात्र धातू, कारखाने आणि जहाजे या तिन्हींची टंचाई असलेल्या राष्ट्रांनी आपली टंचाई आपल्याच हाताने वाढवली, हे नाकारता येत नाही.

कारखान्याची बाजू

प्रमाणीकरणाचा लाभ रणांगणावर दिसतो, पण त्याचा पाया कारखान्यात असतो. सत्तर टक्के तांबे आणि तीस टक्के जस्त यांच्या पितळेची चकती दाबून तिचा पेला करायचा, तो टप्प्याटप्प्याने ओढून लांब करायचा, ओढताना कडक झालेला धातू मधूनमधून तापवून पुन्हा मऊ करायचा आणि शेवटी पुंगळीला मान आणि बूड द्यायचे, असा हा क्रम आहे. प्रत्येक टप्प्याचे साचे आणि मापके त्या एका काडतुसापुरती असतात. कोट्यवधी नग निघाले तरच या यंत्रसामग्रीचा खर्च नगामागे अल्प होतो. एका काडतुसाऐवजी चार काडतुसे काढायची ठरवली की साच्यांचे संच चार लागतात, तपासणीच्या व्यवस्था चार लागतात आणि युद्धासाठी राखून ठेवायचे साठेही चार लागतात. शिवाय एका साठ्यातील विपुलता दुसऱ्यातील टंचाई भरून काढू शकत नाही.

रेल्वेच्या इतिहासात हा धडा भारताने पुरेपूर गिरवला आहे. मनमाडला एका बाजूने ब्रॉडगेज आणि दुसऱ्या बाजूने मराठवाड्याकडे जाणारा मीटरगेज लोहमार्ग येत असे. दोन्ही मार्ग आपापल्या जागी उपयुक्त होते. खर्च होता तो त्यांच्या सांध्यावर. तेथे एका डब्यातील माल उतरवून दुसऱ्यात भरावा लागे. १९९२ मध्ये रेल्वेने एकच गेज करण्याचे धोरण हाती घेतले ते हा सांधा मिटवण्यासाठी. सैन्याच्या बाबतीत हा सांधा आघाडीच्या ठाण्यावर येतो, आणि तेथे माल बदलून घेण्यास दुसरा डबा नसतो.

नाटोचा करार

एक काडतूस अनेक राष्ट्रांनी मिळून वापरावे ही कल्पना महायुद्धानंतर नाटो संघटनेत आली. तिचा इतिहास उद्‌बोधक आहे, कारण प्रमाण ठरवताना गुणवत्तेपेक्षा वजन कोणाचे अधिक, हे त्यात स्पष्ट दिसते.

ब्रिटनने .२८० इंची, म्हणजे सात मिलिमीटरचे, मध्यम शक्तीचे काडतूस आणि त्यावर चालणारी ‘ई. एम. २’ ही रायफल तयार केली होती. १९५१ च्या एप्रिलमध्ये ॲटली सरकारने ती स्वीकारल्याचे जाहीरही केले. अमेरिकेच्या आयुध विभागाला मात्र आपल्या जुन्या .३० काडतुसाइतकी शक्ती हवी होती. फक्त पुंगळी ६३ मिलिमीटरवरून ५१ वर आणावी, एवढीच तिची तयारी होती. त्याच वर्षी चर्चिल पुन्हा पंतप्रधान झाले. अमेरिकेशी एकवाक्यता राखणे त्यांना अधिक महत्त्वाचे वाटले आणि ई. एम. २ मागे पडली. १९५३-५४ मध्ये ७.६२ बाय ५१ हे नाटोचे प्रमाणित काडतूस ठरले. यातील विपर्यास असा की, १९५२ मध्येच अमेरिकी सैन्यासाठी काम करणाऱ्या संशोधन कार्यालयातील नॉर्मन हिचमन यांनी आपल्या अहवालात दाखवून दिले होते की, रायफलीचा प्रभावी वापर बहुतांशी तीनशे यार्डांच्या आतच होतो. एवढ्या अंतरासाठी इतक्या शक्तीची गरज नव्हती.

काडतूस अमेरिकेचे घेतले तर रायफल बेल्जियमची ‘फाल’ घ्यावी, अशी मित्रराष्ट्रांची अपेक्षा होती. ब्रिटन, कॅनडा आणि बेल्जियम यांनी ती घेतली. अमेरिकेने १९५७ मध्ये आपलीच ‘एम १४’ निवडली. एवढ्यावर हे थांबले नाही. व्हिएतनामच्या युद्धात अमेरिका ५.५६ मिलिमीटरच्या ‘एम १६’ रायफलीकडे वळली आणि ज्या काडतुसासाठी तिने मित्रांचे मन वळवले होते ते तिच्याच रायफलधाऱ्यांच्या हातून गेले. मित्रराष्ट्रांचे कारखाने तोवर ७.६२ साठी उभे राहिले होते. अखेर १९७७ ते १९८० या काळातील चाचण्यांनंतर बेल्जियमच्या आराखड्याची ५.५६ ची गोळी नाटोने दुसरे प्रमाण म्हणून स्वीकारली. जुने ७.६२ मशीनगनपुरते टिकून राहिले.

या बदलामागे आर्थिक तर्क नव्हता असे नाही. ७.६२ बाय ५१ चे एक काडतूस सुमारे २४ ग्रॅम भरते, ५.५६ चे सुमारे १२ ग्रॅम. म्हणजे जवानाला १०० ऐवजी २०० काडतुसे तेवढ्याच वजनात नेता येतात. पण मध्यम मशीनगनला लागणारा दूरचा मारा हलक्या गोळीतून मिळत नाही. परिणामी एका काडतुसाची जागा दोघांनी घेतली. एकाच काडतुसावर रायफल आणि जड मशीनगन दोन्ही चालवायची तर कोणाला तरी तोशीस सोसावी लागते, हे तीस वर्षांच्या अनुभवाने सिद्ध झाले. रशियाचा मार्गही याहून फार निराळा नाही. तेथे १९४७ ची कलाश्निकोव्ह रायफल आणि तिच्या जोडीची हलकी मशीनगन ३९ मिलिमीटरच्या पुंगळीवर चालू लागली. पुढे १९७४ मध्ये तिच्या जागी ५.४५ मिलिमीटरचे काडतूस आले. मशीनगन मात्र १८९१ पासूनच्या ५४ मिलिमीटरच्या कडवाल्या काडतुसावरच राहिली. ते तिरपागडे काडतूस पट्ट्यातून आधी मागे ओढावे लागते, तरीही सव्वाशेहून अधिक वर्षे ते टिकले, कारण ते बदलण्याचा खर्च ते बाळगण्याच्या खर्चापेक्षा मोठा होता.

मापांच्या पलीकडे

मापे जुळली म्हणजे प्रमाणीकरण पुरे झाले, असा एक सोपा समज असतो. एम १६ च्या कथेने तो खोटा ठरवला. ही रायफल ज्या दारूवर तपासली गेली होती ती दारू पुढे मोठ्या प्रमाणावरील उत्पादनाच्या वेळी बदलण्यात आली. बाहेरून काडतूस तेच होते. परंतु नवी दारू अधिक काजळी धरी आणि तिच्यामुळे रायफलीचा वेग वाढे. त्यातच सफाईचे साहित्य पुरेसे दिले गेले नव्हते आणि गोळीघराला क्रोमचा मुलामा नव्हता. व्हिएतनाममध्ये ऐन लढाईत रायफली अडकून जवान प्राणास मुकले आणि १९६७ मध्ये अमेरिकी प्रतिनिधिगृहाच्या उपसमितीला याची चौकशी करावी लागली. १९८० च्या प्रमाणातही असाच बारकावा होता. नव्या लांब गोळीला नळीतील आट्यांचा पीळ सात इंचांत एक फेरा असा हवा होता. जुन्या एम १६ च्या नळीत तो बारा इंचांत एक होता. काडतूस बसे आणि सुटे, पण नेम राहत नसे. प्रमाण हा केवळ आकड्यांचा करार नसतो. दारू, धातू, नळी आणि तपासणी या साऱ्यांचा तो करार असतो आणि तो पाळला जातो की नाही, हे सतत पाहावे लागते.

भारताचा अनुभव

स्वातंत्र्यानंतर भारताकडे .३०३ ची एकसंध व्यवस्था होती. तिचे वय झाले होते. चीनने १९५६ मध्ये सोव्हिएत नमुन्यावर आपल्या पायदळासाठी अर्धस्वयंचलित कार्बाइन, स्वयंचलित रायफल आणि हलकी मशीनगन अशी तिन्ही शस्त्रे एकाच ३९ मिलिमीटरच्या काडतुसावर आणली होती. १९६२ मध्ये भारतीय जवानांच्या हातात बोल्ट ओढून चालवायच्या रायफली होत्या. त्या पराभवाची कारणे अनेक होती, आणि त्यांत शस्त्रांपेक्षा धोरणाचा वाटा मोठा होता. तथापि पायदळाच्या शस्त्रांचा प्रश्न यानंतर पुढे ढकलणे अशक्य झाले.

त्यानंतर जे झाले त्याचे श्रेय देण्यात कंजूषी होऊ नये. भारताने ७.६२ बाय ५१ हे काडतूस निवडले आणि एकेक शस्त्र त्यावर आणले. इच्छापूरच्या कारखान्यात फालच्या धर्तीची स्वयंभरण रायफल निघू लागली. ती पुरेशी तयार होईपर्यंत जुन्या ली-एनफिल्डच्या आराखड्यावरच ७.६२ ची बोल्ट रायफल काढण्यात आली. ब्रेन नव्या काडतुसासाठी बदलून घेण्यात आली आणि मॅगचे उत्पादन देशातच सुरू झाले. खडकीचा दारूगोळा कारखाना १८६९ पासूनचा. भुसावळजवळ वरणगावचा कारखाना १९६४ मध्ये उभा राहिला. खानदेशातील आणि पुण्याच्या उपनगरातील कामगारांनी भरलेले काडतूस रायफल, हलकी मशीनगन आणि मध्यम मशीनगन या तिन्हींत चाले. गरीब देशाने केलेली ही शहाणी गुंतवणूक होती.

पुढे जगाबरोबर भारतही ५.५६ कडे वळला. ‘इन्सास’ या नावाने रायफल, हलकी मशीनगन आणि कार्बाइन असे एक कुटुंब आखण्यात आले. कार्बाइन शेवटपर्यंत जमली नाही आणि रायफल १९९० च्या दशकात हाती येईपर्यंत दहशतवादाशी लढण्यासाठी परदेशांतून कलाश्निकोव्ह रायफली आणाव्या लागल्या. त्यांच्याबरोबर ३९ मिलिमीटरची पुंगळी भारतीय कोठारात आली, ती कायमची. २०१९ मध्ये ७२,४०० ‘सिग ७१६’ रायफली घेण्यात आल्या. त्यांचे काडतूस पुन्हा ७.६२ बाय ५१. २०२० मध्ये १६,४७९ ‘नेगेव्ह’ हलक्या मशीनगनांचा करार झाला, तोही याच काडतुसावर. २०२१ च्या डिसेंबरमध्ये सहा लाखांहून अधिक ‘ए. के. २०३’ रायफलींचा करार झाला; त्या उत्तर प्रदेशातील कोरवा येथे तयार होतात आणि त्यांना ३९ मिलिमीटरची पुंगळी लागते. इन्सास अद्याप पूर्णपणे निवृत्त झालेली नाही. रशियन बनावटीच्या रणगाड्यांवरील मशीनगना आणि ड्रॅगुनोव्ह रायफली यांना ५४ मिलिमीटरची पुंगळी हवी. म्हणजे १९६० च्या दशकात एक काडतूस निवडणाऱ्या देशाच्या पुरवठा-यादीत आज पायदळी शस्त्रांची चार काडतुसे आहेत, आणि त्यांतील तिघांवर ७.६२ हाच आकडा आहे.

यातील प्रत्येक खरेदीला स्वतंत्रपणे समर्थन होते. सीमेवर दूरचा आणि भेदक मारा हवा होता म्हणून सिग. खडतर परिस्थितीतही विश्वासाने चालावी म्हणून कलाश्निकोव्ह. दोष एकेका निर्णयात शोधून सापडणार नाही. तो त्यांच्या बेरजेत आहे, आणि ती बेरीज कोणत्याही एका निविदेत मांडलेली नसते.

सैन्याने सोडलेले काडतूस नाहीसे होत नाही, हेही लक्षात घेतले पाहिजे. .३०३ रायफली राज्यांच्या पोलिसांकडे गेल्या आणि दशकानुदशके तेथेच राहिल्या. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री मुंबईच्या छत्रपती शिवाजी टर्मिनसवर कलाश्निकोव्हधारी अतिरेक्यांसमोर पोलिसांच्या हाती त्याच जुन्या रायफली होत्या. उत्तर प्रदेशच्या पोलिसांनी .३०३ ला निरोप दिला तो २०२० च्या प्रजासत्ताकदिनी. एका काडतुसाचा संसार आवरायला किती काळ लागतो, याचे हे माप आहे.

निवड आधी कशाची?

यावर सर्वत्र एकच काडतूस हा उपाय नव्हे. तो प्रयोग नाटोने करून पाहिला आणि सोडला. तुकडीतील रायफल आणि हलकी मशीनगन यांना एक, आणि मध्यम मशीनगन व दूर नेम धरणाऱ्या रायफलींना दुसरे, अशी दोन काडतुसांची व्यवस्था बहुतेक सैन्यांना अनुभवांती मानवली आहे. चार मात्र कोणाच्याच हिशेबात बसत नाहीत. शिवाय प्रमाण दुसऱ्याच्या भरवशावर सोडण्यातही धोका आहे. २०२२ मध्ये अमेरिकेने रायफल आणि मशीनगन या दोहोंसाठी ६.८ मिलिमीटरचे नवे काडतूस निवडले. ५.५६ साठी ज्या राष्ट्रांनी दोनदा यंत्रे बदलली, त्यांच्यापुढे तोच प्रश्न तिसऱ्यांदा उभा आहे. युक्रेनची अडचण निराळी. त्याची शस्त्रे सोव्हिएत मापांची होती आणि लुहान्स्क येथील काडतुसांचा कारखाना २०१४ मध्येच त्याच्या हातून गेला होता. कारखाना हाताशी नसेल तर मापांची एकवाक्यता कागदावरच राहते.

२०२१ मध्ये आयुध निर्माणी मंडळ विसर्जित होऊन त्याच्या सात कंपन्या झाल्या आणि दारूगोळ्याचे कारखाने पुण्यात मुख्यालय असलेल्या म्युनिशन्स इंडियाकडे आले. कंपनीला नफातोट्याचा हिशेब द्यावा लागतो आणि लहान लहान मागण्यांवर तो जुळत नाही. म्हणूनच पुढील शस्त्रखरेदीच्या प्रस्तावात एक कलम अनिवार्य असावे : या शस्त्राचे काडतूस कोणते, ते देशात आज कोठे बनते, पंचवीस वर्षांत त्याचे किती नग लागतील आणि त्यामुळे यादीतील कोणते जुने काडतूस कमी होईल. शेवटच्या प्रश्नाला उत्तर नसेल तर तो प्रस्ताव परत पाठवावा. त्यासाठी नव्या संशोधनाची गरज नाही आणि परकीय चलनाचीही नाही. बंदुकीची किंमत ठरवताना तिच्या काडतुसाचा पंचवीस वर्षांचा खर्च त्याच कागदावर मांडावा, एवढीच शिस्त हवी. १९६२ नंतरच्या भारताने याहून बिकट काळात आणि याहून थोड्या पैशात ती शिस्त पाळून दाखवली होती.